‘झिंगाट’ ही तडजोड नव्हे

दिग्दर्शक नागराज मंजुळे यांच्याबद्दलची एक तक्रार आता जुनी झाली आहे, आणि ती करणारे बहुतेक त्यांचे चाहतेच असतात. ‘पिस्तुल्या’ आणि ‘फँड्री’ करणारा हा माणूस २०१६च्या ‘सैराट’पासून बाजाराच्या नादी लागला, गाण्यांत आणि स्लो मोशनमध्ये रमला, आणि ‘झुंड’मध्ये तर थेट अमिताभ बच्चनलाच घेऊन बसला, असं त्यांचं म्हणणं. तक्रारीत तथ्य अजिबात नाही असं नाही. पण तिच्या पोटात दडलेलं गृहीतक तपासायला हवं. गावकुसाबाहेरच्या माणसाची गोष्ट रूक्ष, संथ आणि दुःखीच असली पाहिजे, तरच ती खरी, हे कोणी ठरवलं? ‘फँड्री’तला जब्या जीन्सची आणि शालू नावाच्या मुलीची स्वप्नं बघतो. त्याचं दुःख निव्वळ गरिबीचं नाही; ती स्वप्नं बघायचा अधिकारच त्याला नाही, असं गाव त्याला रोज बजावतं. जब्याचं कुटुंब डुक्कर पकडत असतं; ते हाताशी आलेलं असताना शाळेतून राष्ट्रगीत सुरू होतं, घरचे सगळे जागच्या जागी उभे राहतात आणि डुक्कर निसटतं. या प्रसंगाला प्रेक्षक हसतो, आणि ते हसू त्याच्याच घशात अडकतं. म्हणजे रंजनाचा सापळा मंजुळे ‘फँड्री’पासूनच लावत आले आहेत.

‘सैराट’मध्ये त्यांनी तो मोठा केला, इतकंच. जो प्रणय हिंदी-मराठी पडदा पिढ्यान्‌पिढ्या वरच्या जातींच्या नायकांना बहाल करत आला, तो संगीतकार अजय-अतुलच्या भरघोस वाद्यमेळासकट पारधी पोराच्या वाट्याला आला. गाणी ही कडू गोळीवरची साखर नव्हेत. हक्क सांगितला आहे तो त्यांच्यावरच. शेवटी नायिका आर्चीच्या माहेरची माणसं भेटवस्तू घेऊन येतात, ती त्यांच्यासाठी चहा ठेवते, आणि मग पार्श्वसंगीत पार थांबतं. आधी संगीताची इतकी रेलचेल नसती, तर ही शांतता कोणाच्या लक्षात आली असती?

लोक ‘सैराट’मधल्या ‘झिंगाट’ या गाण्यावर नाचले आणि जात विसरून घरी गेले, असाही आक्षेप आहे. काही जण गेलेही असतील. पण बाजाराला नेमकं काय हवं असतं, हे पाहायचं तर ‘सैराट’चा २०१८चा हिंदी रिमेक ‘धडक’ पाहावा. गोष्ट उदयपूरला नेली, गाणी ठेवली, जातीची धार बोथट केली, आणि शेवटी नायिकेला जिवंत ठेवलं. तडजोड म्हणतात ती ही.

‘झुंड’बाबत मात्र टीकाकारांचं अर्धं म्हणणं मान्य. फुटबॉल शिकवणाऱ्या उद्धारकर्त्या शिक्षकाचा साचा तिथे आहे, चित्रपट लांबलाही आहे. तरी उत्तरार्धात मोनिका नावाची मुलगी आणि तिचा बाप पासपोर्टसाठी, आपण आपणच आहोत याचा कागद मिळवायला वणवण करतात, तेव्हा फुटबॉल बाजूला पडतो आणि महानायक बराच वेळ पडद्यावर दिसत नाही. अमिताभच्या नावावर तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाला एका आदिवासी बापाची ही पायपीट पाहावीच लागते.