आलोच!

वाचकहो, या सदरात एरवी आपण एखादा मराठी शब्द घेऊन त्याची उलटतपासणी करतो. यंदा सुरुवात करते ती कुणाचीच मातृभाषा नसलेल्या एका भाषेपासून.

टेड चियांग या अमेरिकन लेखकाची ‘स्टोरी ऑफ युअर लाइफ’ ही १९९८ सालची दीर्घकथा. तिच्यावर २०१६ मध्ये ‘अरायव्हल’ हा चित्रपट आला. घरातल्या मुलांनी तो पाहिला असेल. आईबाबांनो, तुम्ही सुट्टीत बघा. पृथ्वीवर सात पायांचे परके जीव येतात आणि लुईस बँक्स नावाची भाषाशास्त्रज्ञ त्यांची भाषा शिकायला बसते. त्यांची बोली वेगळी, लिपी वेगळी, एकीचा दुसरीशी संबंध नाही. लिपी अंगात मुरत जाते तसं लुईसला पुढचं आयुष्य आठवू लागतं, आपल्याला मागचं आठवतं तसं.

चित्रपटाने ती लिपी, शाईची ती वर्तुळं, इतकी देखणी दाखवली की सगळ्यांचं लक्ष तिकडेच गेलं. मला मात्र कथेतला बोलण्याचा भाग जास्त आवडतो. या जिवांना पुढचं सगळं आधीच ठाऊक असतं. मग ते बोलतात कशाला? लुईसचं उत्तर असं, की नुसतं माहीत असून भागत नाही. ते उच्चारलं गेलं तरच घडतं.

हे आपल्याला परकं वाटायचं कारण नाही. लग्नाला जमलेल्या प्रत्येकाला शेवट माहीत असतो. पत्रिका छापून झालेली, जेवणाचा बेत ठरलेला. तरीही शेवटचं ‘सावधान’ होईपर्यंत कोणी अक्षता टाकून मोकळं होत नाही, आणि ते झालं की अंतरपाट दूर होतो, वाजंत्री वाजतात. (कायदा सप्तपदी मोजतो हे मला माहीत आहे, वकील वाचकांनी पत्र पाठवू नये.)

आता मुलांनो, एक प्रयोग करा. जेवण वाढलं की बाबांना हाक मारा. वरून आवाज येईल, “आलो, आलो!” व्याकरणाने हा भूतकाळ. बाबा अजून लॅपटॉपसमोर. ‘निघालोच’, ‘झालंच’, ‘पोचलोच’ ही सगळी त्याच जातीची. जे अजून घडलेलं नाही ते घडून गेल्यासारखं सांगायचं आणि वर ‘च’चा खिळा ठोकायचा. पुढची पाच मिनिटं उचलून मागे ठेवली जातात. ‘परवा’ तर दोन्हीकडे चालतो: परवा भेटलो, परवा भेटू. कुठला परवा, ते क्रियापदाने सांगायचं. मराठी शाळेत मुलांना हे चीटिंग वाटतं.

आणि निघताना आपण ‘जातो’ म्हणत नाही. बॅगा गाडीत, पासपोर्ट हातात, तरी ‘येतो’. नातवाने चुकून ‘जातो’ म्हटलं तर आजी दारात थांबवून म्हणते, “येतो म्हण.” जाण्याच्या क्षणीच परत येणं बोलून ठेवायचं.

आता फोनकडे या. आपली रविवारची सकाळ, तिकडची संध्याकाळ. “कधी येतोस?” “पुढच्या वर्षी आलोच समज.” तिकीट काढलेलं नाही हे तिला कळतं. गेल्या वर्षीही ‘आलोच’ होतं. तरी पुढच्या रविवारी ती तेच विचारते आणि आपण तेच सांगतो. त्या सात पायांच्या जिवांसारखंच; उत्तर माहीत असतं, पण संवाद व्हावा लागतो. फरक एवढाच की त्यांचं बोललेलं खरं होतं.

आपल्यापैकी किती जणांनी विमानतळाच्या गेटवरून “आई, आलोच” म्हटलं आहे, आणि पलीकडे भावाने फोन तिच्या कानाशी धरलेला होता? मध्ये कित्येक तासांचं उड्डाण. काहींच्या बाबतीत त्या ‘च’ने वेळ थोपवून धरली. काहींच्या बाबतीत नाही. ज्यांच्या बाबतीत नाही, त्यांनाही ते बोलल्याचा पश्चात्ताप झालेला मी ऐकलेला नाही. न बोलल्याचा ऐकला आहे.

लुईसला आपली मुलगी तरुणपणीच जाणार हे आधीच ठाऊक असतं. मूल हवं का, असं नवरा विचारतो तेव्हा ती हो म्हणते.

तुमच्या घरी, वऱ्हाडीत, मालवणीत, अहिराणीत, न घडलेलं घडून गेल्यासारखं सांगणारे शब्द कोणते? संपादकांकडे पाठवा. पुढच्या अंकात तेच घेऊ. आणि मुलांनो, आज आजीचा फोन ठेवताना ‘बाय’ऐवजी ‘येतो’, ‘येते’ म्हणून बघा. ती लगेच “कधी?” विचारेल.