बंदोबस्त कोणासाठी?

तारापूरचे अणुवीज केंद्र १९६९ साली सुरू झाले. पुढे बोईसरची औद्योगिक वसाहत वाढली. २०१४ मध्ये पालघर जिल्हा झाला आणि २०२४ मध्ये वाढवण बंदराची पायाभरणी झाली. जमिनीचा भाव असा चढत गेला, की घरातली नाती उतरणीला लागतात. भाऊबंदकीचा तंटा मग पोलीस ठाण्यात येतो. ज्याच्या हाती पैसा, तो कुंपणासाठी बंदोबस्त मागतो. धमकीची तक्रार घेऊन आलेल्या बहिणीला मात्र ‘ही दिवाणी बाब आहे’ असे ऐकावे लागते.

मालकी ठरविणे हे पोलिसांचे काम नव्हे, न्यायालयाचे आहे, हे खरेच. परंतु जीविताचे रक्षण ही दिवाणी बाब कशी? महाराष्ट्राने १९९४ साली व केंद्राने २००५ साली हिंदू मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच हक्क दिला. अनुसूचित जमातींना हा वारसा कायदा आपोआप लागू होत नाही. त्यामुळे या जिल्ह्यातील आदिवासी भगिनी आजही रूढीच्या हवाली आहेत.

म्हणून कार्यकर्त्यांनी मध्यस्थीच्या नावाखाली हक्कसोडपत्रांवर सह्या घेण्याच्या भानगडीत पडू नये. बहिणीचे नाव सातबारावर लावण्यास मदत करावी, धमकीची लेखी नोंद घ्यावयास लावावी आणि न्यायालयाच्या आदेशाविना ताबा मिळवून देणाऱ्या बंदोबस्ताचा जाब विचारावा. पोलीस बळ दुबळ्याच्या जिवासाठी आहे. ते बळवंताच्या कब्जासाठी राबू लागले, तर ते सरकारी गणवेशातले खासगी सैन्यच ठरेल.