पाहणाऱ्याच्या हाताला काम

चित्रफितींविषयी शिक्षकवर्गात सहसा दोन मते आढळतात. काही म्हणतात, मोबाइल हा अभ्यासाचा शत्रू होय. काही म्हणतात, सारा प्रयोग पडद्यावर स्वच्छ दिसतो, मग लंबक टांगण्याचा खटाटोप कशाला? माझ्या मते दोन्ही पक्षांनी झे फ्रँक या अमेरिकन कलावंताच्या कामाकडे एकदा पाहावे.

फ्रँक यांचा जन्म १९७२ चा. ब्राऊन विद्यापीठात त्यांनी चेताशास्त्राचा अभ्यास केला. २००१ मध्ये त्यांनी वाढदिवसाचे एक गमतीदार निमंत्रण तयार करून १७ परिचितांना इंटरनेटवरून धाडले. ते एकाकडून दुसऱ्याकडे जात लाखो लोकांनी पाहिले. त्यांचे महत्त्वाचे काम मात्र १७ मार्च २००६ रोजी सुरू झाले. 'द शो' या नावाने सोमवार ते शुक्रवार दररोज काही मिनिटांची चित्रफीत ते प्रसिद्ध करू लागले. यूट्यूब तेव्हा जेमतेम वर्षाचे होते. कॅमेऱ्यासमोर एक माणूस आणि त्याचे बोलणे, एवढाच सारा सरंजाम! उपक्रम एक वर्षाचा, असे ठरले होते. १७ मार्च २००७ रोजी तो संपलाही.

यात विज्ञान कोठे आले, असे तुम्ही विचाराल. २००६ च्या मे महिन्यात फ्रँक यांनी प्रेक्षकांना एक आव्हान दिले: पृथ्वीचे सँडविच करून दाखवा! पावाचा एक तुकडा जमिनीवर ठेवायचा आणि त्याच वेळी दुसरा तुकडा पृथ्वीच्या बरोबर विरुद्ध बाजूस, म्हणजे सुमारे १२,७०० किलोमीटर लांबीच्या व्यासाच्या दुसऱ्या टोकाला ठेवायचा. काही प्रेक्षकांनी स्पेन आणि न्यूझीलंड येथे पाव ठेवून ते करून दाखवले.

हा वरवर पोरखेळ वाटेल. पण तो करायला अक्षांश-रेखांश समजावे लागतात. विरुद्ध बिंदू काढण्यासाठी अक्षांश तोच ठेवून उत्तरेचे दक्षिण करायचे आणि रेखांश १८० मधून वजा करून पूर्वेचे पश्चिम करायचे. पुणे १८.५ अंश उत्तर, ७३.९ अंश पूर्व येथे आहे. त्याच्या विरुद्ध बिंदू १८.५ अंश दक्षिण, १०६.१ अंश पश्चिम, म्हणजे प्रशांत महासागरात. आपला पाव पाण्यात पडणार! भारतातील बहुतेक गावांचे हेच होते. तरीही आपल्या देशाचा एक भाग असा आहे, की त्याच्या विरुद्ध बाजूस ईस्टर बेट येते. तो कोणता, हे नकाशा घेऊन तुम्हीच शोधा.

फ्रँक यांच्या कामाचे मर्म मला येथे दिसते. त्यांनी प्रेक्षकाच्या हाताला काम दिले. काही भागांची संहिता तर प्रेक्षकांनीच मिळून लिहिली होती. पुढे २०१२ मध्ये ते बझफीड या कंपनीच्या चित्रफीत विभागाच्या प्रमुखपदी गेले; प्राण्यांच्या जीवनावरील त्यांची विनोदी मालिका 'ट्रू फॅक्ट्स' ही पुष्कळांना ठाऊक असेल. त्यांचे सगळेच विनोद वर्गात दाखवण्याजोगे नाहीत, हा आक्षेप मला मान्य आहे. घ्यायची आहे ती पद्धत.

कारण आपल्याकडील धोका खरा आहे. प्रयोगवहीत तयार निरीक्षणे उतरवण्याची खोड जुनीच; आता तयार चित्रफितीने ती अधिक सोपी केली आहे. पडद्यावरचा लंबक कधी चुकत नाही, त्याचा दोरा सुटत नाही, घड्याळ सुरू करायला उशीर होत नाही. म्हणूनच तो पाहून मोजणे येत नाही. ज्या चित्रफितीनंतर विद्यार्थी पट्टी, दोरा वा होकायंत्र हातात घेत नाही, ती विज्ञानाच्या तासाला करमणूकच ठरते.

शिक्षकांना एक सूचना करतो. कोल्हापूर आणि नाशिक ही शहरे जवळजवळ एकाच रेखांशावर आहेत. त्यांच्या अक्षांशांत सुमारे ३.३ अंशांचा फरक असून दक्षिणोत्तर अंतर सुमारे ३६५ किलोमीटर भरते. डिसेंबरात एकाच दिवशी दोन्हीकडील शाळांनी एक मीटरची काठी उभी रोवून मध्यान्हीची सर्वांत आखूड सावली मोजावी. दोन सावल्यांत सुमारे १० सेंटिमीटरांचा फरक पडेल. त्यावरून सूर्यकिरणांच्या कोनांतील फरक काढा, ३६० ला त्याने भागा आणि ३६५ ने गुणा. पृथ्वीचा परीघ ४०,००० किलोमीटरांच्या आसपास यायला हवा. नाही आला, तर चूक कोठे झाली हे शोधण्यातच खरा अभ्यास आहे.

मोबाइलवर चित्रफीत जरूर काढा, आणि ती दुसऱ्या गावच्या शाळेला पाठवा. फक्त तिच्या शेवटी एक प्रश्न असा ठेवा, की उत्तरासाठी पाहणाऱ्याला उठून उन्हात जावेच लागेल.