मार खाणाऱ्याचा अभिनय

सांगली ही नाट्यपंढरी, हे येथे शिकायला आल्यापासून मी अनेकदा ऐकले आहे. ते खरेच आहे. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ येथेच रंगवले. देवल, खाडिलकर याच परिसरातले. परंतु या अभिमानाच्या पोटी एक तुच्छताही येते. सयाजी शिंदे यांचे नाव निघाले की कोणीतरी हमखास म्हणते, “नट चांगला, पण दक्षिणेकडच्या मारामारीच्या सिनेमांत वाया गेला.” मी सातारा जिल्ह्यातली, आणि शिंदेही आमच्याच जिल्ह्यातल्या वेळेकामथीचे. पण जिल्ह्याचा अभिमान बाजूला ठेवूनही मला हे मत पटत नाही.

वाया गेला म्हणजे काय? मराठी विषय घेऊन बी.ए. झालेला, पाटबंधारे खात्यात महिना १६५ रुपयांवर रखवालदारी केलेला हा माणूस. १९७८ पासून एकांकिका, मग १९८७ साली वामन केंद्रे यांनी दिग्दर्शित केलेले ‘झुलवा’. (त्या नाटकामागची कादंबरी उत्तम बंडू तुपे यांची, तेही साताऱ्याचेच, खटाव तालुक्यातले.) १९९९ साली ‘शूल’ आला आणि त्यातला बच्चू यादव साऱ्या देशाने पाहिला.

‘शूल’ पुन्हा पाहावा. मनोज बाजपेयींचा इन्स्पेक्टर मोठा वाटतो, तो कशामुळे? समोरचा बच्चू यादव तितकाच खरा आहे म्हणून. तो सिनेमातल्या खलनायकासारखा वाटत नाही, गावगुंडीतून आमदार झालेल्या माणसासारखा वाटतो. असली माणसे आपण बिहारला न जाताही पाहिलेली आहेत.

मारामारीच्या चित्रपटात तर ही जबाबदारी आणखी वाढते. नायकाचा ठोसा खरा लागत नाही, लागायचाही नसतो. तो लागला हे प्रेक्षकाला पटवतो मार खाणारा. मान कधी फिरवायची, तोल कुठल्या क्षणी सोडायचा हे अर्धा क्षण चुकले तर टाळी नायकाला मिळत नाही, थिएटरात हशा पिकतो. म्हणजे नायकाची ताकद दुसऱ्याच्या अंगावर दिसते! आमच्या स्नेहसंमेलनातल्या नाटकांत नायक व्हायला दहा जण पुढे येतात. पडायची तालीम मात्र कोणी करत नाही. मग मारामारीचा प्रवेश आला की प्रेक्षकांतून शिट्ट्या येतात, त्या कौतुकाच्या नसतात.

एक गोष्ट मान्य केली पाहिजे. हा धंदा माणसाला साच्यात घालतो. एकदा पुढारी शोभला की पुढची कित्येक वर्षे पुढारीच. ‘अतडु’ (२००५) मध्ये राजकारणी, ‘पोकिरी’ (२००६) मध्ये पोलिस कमिशनर. नायक दोन्हीकडे महेश बाबूच. हे तेलुगू चित्रपट हिंदीत होऊन आमच्या गावातल्या टी.व्ही.वर लागतात. साच्यातल्या भूमिकेत जीव ओतणे सोपे नाही, आणि प्रत्येक वेळी तो ओतला गेला असेही मी म्हणणार नाही.

पण त्याला ‘पोटासाठी केलेले काम’ म्हणून कमी लेखणे मला खटकते. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. आमच्याकडे कामाचे पैसे मिळणे हा कामाचा दोष समजत नाहीत. कला शाखेला गेले तेव्हा “पुढे काय?” हा प्रश्न मला घरीदारी सर्वांनी विचारला, आणि तो वाईट बुद्धीने विचारला असे मला वाटले नाही. परक्या भाषेत, परक्या गावी वर्षानुवर्षे बोलावणे येत राहते, ते फुकटचे नसते.

आणि ज्या दक्षिणेत ते ‘वाया गेले’, तिथल्याच तमिळ लोकांनी २००० साली आपल्या महाकवी सुब्रह्मण्य भारतींची भूमिका या साताऱ्याच्या माणसावर सोपवली. त्या ‘भारती’ला सर्वोत्कृष्ट तमिळ चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. आपण मराठी माणसे उद्या तुकारामांची भूमिका एखाद्या तमिळ नटाला देऊ का? वसतिगृहात हा प्रश्न विचारला तेव्हा नाट्यपंढरीवाले सगळे गप्प बसले. एक मैत्रीण तेवढी म्हणाली, “आधी त्याचे उच्चार बघावे लागतील.”