नत्थाच्या अंगणातला प्रचार

कपाशीचा पहिला वेचा घरात येतो त्याच सुमारास आमचा अंक वाचकांच्या हाती पडतो आणि निवडणुकीचं वर्ष असलं की प्रचाराच्या गाड्याही तेव्हाच गावात शिरतात. म्हणून यंदा अनुषा रिझवी यांच्या २०१० सालच्या ‘पीपली लाइव्ह’बद्दल लिहावंसं वाटलं. कर्जापायी जमीन जाणार, तेव्हा आत्महत्येनंतरची सरकारी मदत तरी घरच्यांना मिळावी म्हणून नत्था हा शेतकरी जीव देणार, ही बातमी फुटते ती ऐन पोटनिवडणुकीत. कुणी अंगणात हातपंप आणून टाकतं, कुणी टीव्ही देतं; त्याचं कर्ज मात्र तसंच राहतं. सगळ्या गदारोळात नत्था जेमतेम चार शब्द बोलतो. प्रचाराला शेतकरी हवा असतो तो देखाव्यापुरता, हे या चित्रपटाचं म्हणणं मला पूर्ण पटतं. आपल्याकडेच पाहा: २००६ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या वायफडला येऊन गेले, विदर्भातल्या सहा जिल्ह्यांना ३,७५० कोटींचं पॅकेज मिळालं. २०१४ मध्ये नरेंद्र मोदींची ‘चाय पे चर्चा’ यवतमाळच्या दाभडीत झाली. २०१८ च्या गांधीजयंतीला काँग्रेस कार्यसमिती इथे सेवाग्रामात बसली. येणाऱ्यांच्या हेतूवर मी शंका घेत नाही. पण मंडप उतरल्यावर कापसाच्या भावाचा प्रश्न जिथल्या तिथेच असतो.

चित्रपट आला तेव्हा विदर्भ जनआंदोलन समितीने त्याला कडाडून विरोध केला होता. आत्महत्या हा काय हसण्याचा विषय आहे, या आक्षेपाला उत्तर देता येतं: इथे हसू येतं ते पुढाऱ्यांचं आणि कॅमेऱ्यांचं. विकायला माती खणता खणता खड्ड्यातच मरणाऱ्या होरी महतोवर एकही विनोद नाही, आणि त्याच्या मरणाची बातमीही होत नाही. शेतकरी मदतीच्या पैशासाठी मरतो असा समज यातून पसरेल, हा आक्षेप मात्र वजनदार आहे. मदत एक लाखाची, आणि तीही ‘पात्र’ ठरलात तर. कर्ज सावकाराचं निघालं किंवा सातबारा बापाच्या नावावर असला, एवढ्यावरून इथली कितीतरी प्रकरणं ‘अपात्र’ झाली आहेत. या पैशाच्या आशेवर कोण जीव देईल? चित्रपटाला हे ठाऊक आहे. नत्था मेला असं समजून सगळे निघून जातात, पण तो मृत्यू अपघात ठरतो आणि त्याच्या बायकोला, धनियाला, मदत नाकारली जाते. हा प्रसंग फार घाईत उरकला आहे. माझी तक्रार आहे ती एवढीच. धनियाच्या पुढच्या हेलपाट्यांवर एक अख्खा चित्रपट निघायला हवा.