शून्यावर नेण्याचा हट्ट

लॅपटॉपच्या बॅटरीला ‘व्यायाम’ हवा असे सांगणारे एक जाणकार सध्या फार ऐकले जातात. बॅटरी पूर्ण उतरू द्यावी, लॅपटॉप आपोआप बंद पडला की मगच चार्जर लावावा, प्लग लावला की एक सायकल खर्च झाली असे धरावे. आणि इतके करूनही बॅटरी बसली तर कंपनीनेच ती मुद्दाम कच्ची केली असे समजावे. एवढाच त्यांचा सिद्धान्त. विद्यार्थी तो पाळतात आणि धडधाकट बॅटऱ्या खराब करून घेतात, याचा मला संताप येतो.

शून्यावर नेण्याचा सल्ला निकेल-कॅडमियमच्या जमान्यातला आहे. त्या बॅटऱ्या पुन्हा पुन्हा अर्ध्यावरच चार्ज केल्या तर पुढे पूर्ण शक्ती देईनाशा होत, म्हणून त्या अधूनमधून रिकाम्या करत. सोनीने १९९१ मध्ये लिथियम-आयन बॅटरी बाजारात आणली. तिच्या पायाभूत संशोधनाला २०१९ चे रसायनशास्त्राचे नोबेलही मिळाले. सल्ला मात्र जुनाच राहिला. लिथियम-आयन बॅटरी झिजते ती वेगळ्याच कारणाने. पहिल्याच चार्जिंगमध्ये तिच्या ग्रॅफाइटवर एक पातळ थर बसतो. तो हवाच, कारण तो नसेल तर आतले द्रावण विघटित होतच राहील. पण हा थर वर्षानुवर्षे जाड होत जातो आणि त्यात अडकलेले लिथियम परत कामाला येत नाही. क्षमता घटते ती मुख्यतः यामुळे. त्यात लिथियम आत शिरले की ग्रॅफाइट फुगते, बाहेर पडले की आकसते. थराला तडे जातात, तडे बुजवायला आणखी लिथियम खर्ची पडते. जितके खोल उतरवाल तितकी ही ओढाताण मोठी. म्हणजे ज्याला हे गृहस्थ व्यायाम म्हणतात तीच झीज आहे! अधूनमधून पूर्ण उतरवल्याने पडद्यावरचा टक्केवारीचा आकडा ताळ्यावर येतो, हे खरे. पण मोजणी सुधारली म्हणजे बॅटरी सुधारली नव्हे, आणि त्यांचा सगळा गोंधळ इथेच आहे.

लोडशेडिंगच्या काळात इन्व्हर्टरवरूनही हाच वाद झाला होता. तेव्हाही ‘आठवड्यातून एकदा पूर्ण उतरवा’ असे छातीठोकपणे सांगणारे होते, आणि लेड-ॲसिड बॅटरी उतरलेली ठेवली की तिच्या प्लेटांवर सल्फेटचे खडे घट्ट बसतात हे आम्ही घसा कोरडा होईपर्यंत सांगत होतो. रसायन बदलले, हट्ट तोच.

सायकलचे म्हणाल तर एकूण शंभर टक्के वापर झाला की एक सायकल मोजतात. दोनदा पन्नास टक्के वापरले तरी एकच. कंपनीच्या कटाचे म्हणाल तर बॅटरी नुसती पडून राहिली तरी जुनी होते. बॅटरी चिकटवून टाकण्याच्या कंपन्यांच्या सवयीवर त्यांनी बोट ठेवले असते तर मी त्यांच्या बाजूने उभा राहिलो असतो. युरोपीय संघाने तर २०२७ पासून बहुतेक छोट्या उपकरणांतली बॅटरी वापरणाऱ्याला स्वतः काढता यावी असा नियमच केला आहे.

मग करायचे काय? सतत चार्जर लावून ठेवला म्हणून बॅटरी ‘ओव्हरचार्ज’ होत नाही, आतले सर्किट चार्जिंग थांबवते. पण भरगच्च अवस्था, म्हणजे सेलमागे सुमारे ४.२ व्होल्ट, आणि तिच्या जोडीला उष्णता, ही जोडी घातक. विदर्भातल्या मे महिन्यात गादीवर ठेवलेला, पंख्याच्या जाळीत धूळ साचलेला, दिवसभर शंभर टक्क्यांवर असलेला लॅपटॉप लवकर म्हातारा होणारच. बऱ्याच लॅपटॉपांत चार्जिंग ऐंशी टक्क्यांवर थांबवण्याची सोय असते, ती चालू करावी. वीस-तीस टक्के उरले की चार्जर लावावा. सुटीत महिनोन्‌महिने ठेवायचा असेल तर निम्मा चार्ज करून, बंद करून, थंड जागी ठेवावा. आणि ट्रॅकपॅड वर उचलला गेला असेल तर बॅटरी फुगली आहे. ती दाबू नये, टोचू नये, चार्जर काढून लॅपटॉप थेट दुरुस्तीला न्यावा.