आकडा पुरे, नावं कशाला?

साप्ताहिक सदर : तालुक्याचा कायदा

हातकणंगले तालुक्यातला माणूस कशाचा ना कशाचा सभासद असतोच. विकास सोसायटीचा, दूध संस्थेचा, पतसंस्थेचा, साखर कारखान्याचा. निवडणूक लागली की फलकावर यादी लागते आणि आपलं नाव शोधायला गर्दी होते. नाव गळलं तर हरकत, मयताचं राहिलं तरी हरकत. त्यामुळे ‘सभासदांची यादी सरकारला देणार नाही’ असं कुणी म्हटलं की आपल्याला आधी शंका येते, यांना लपवायचंय काय?

इचलकरंजीच्या यंत्रमागांकडे वळलं की ही शंका लटकी पडते. तिथंही एक वही असते, युनियनच्या वर्गणीची. साखर कारखान्याच्या यादीत नाव असलं की चेअरमनला दारात मत मागायला यावं लागतं. युनियनच्या वहीतलं नाव मालकाला कळलं, तर ‘उद्यापासून येऊ नको’ ऐकायची पाळी कामगारावर येऊ शकते. एका यादीनं सभासदाला जोर येतो, दुसरीनं त्याच्यावर जोर चालतो.

गंमत म्हणजे दोन्ही वह्या राज्यघटनेच्या एकाच ओळीत बसतात. कलम १९(१)(ग) संघटना आणि संघ स्थापण्याचा हक्क देतं. ९७ व्या घटनादुरुस्तीनं त्यात सहकारी संस्थाही आल्या. पण सभासदांची नावं सरकारपासून राखता येतील का, याबद्दल त्या ओळीत अक्षर नाही.

अमेरिकेत हा प्रश्न १९५८ मध्ये सुटला. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झगडणाऱ्या ‘एनएएसीपी’ या संघटनेकडे अलाबामा राज्यानं सभासदांची यादी मागितली. संघटनेनं पदाधिकाऱ्यांची नावं दिली, साध्या सभासदांची दिली नाहीत. १ लाख डॉलरचा दंड झाला, तरी दिली नाहीत. नावं फुटली की नोकरी जाते, मारहाण होते, हा तिचा अनुभव होता. सर्वोच्च न्यायालयानं एकमतानं तिची बाजू घेतली. त्याच न्यायालयानं १९२८ मध्ये मात्र कू क्लक्स क्लानची यादी मागणारा न्यूयॉर्कचा कायदा उचलून धरला होता. म्हणजे हे कवच सरसकट नाही. संघटना काय करते, हेही पाहिलं जातं.

आपल्याकडे हे कवच तुकड्यातुकड्यांनी जोडावं लागतं. मान्यता नसलेल्या संघटनेत सरकारी नोकरानं राहू नये, हा नियम सर्वोच्च न्यायालयानं १९६२ मध्ये रद्द केला. २०१३ मध्ये केरळच्या थलप्पलम सहकारी बँकेच्या प्रकरणात सभासदांच्या खासगी माहितीचं मोल मानलं. २०१७ मध्ये नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला.

सरकार म्हणेल, कामगारांच्या वतीनं बोलणार कोण हे आम्ही ठरवायचं कसं? प्रश्न रास्त आहे. महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यानुसार, किमान ५० कामगार असलेल्या ठिकाणी मान्यतेसाठी युनियनकडे सलग सहा महिने ३० टक्के सभासद लागतात. ते मोजायचे तर वही उघडावी लागते. वर्गणी पगारातून कापायची म्हटली, तर मालकाला नावं आयतीच मिळतात. पण १९९५ मध्ये अन्न महामंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं गुप्त मतदानाची पद्धत घालून दिली. कुणाकडे किती माणसं हे कळतं, कोण कुणाकडे हे कळत नाही.

जुलै २०२५ मध्ये विधिमंडळानं विशेष जनसुरक्षा विधेयक मंजूर केलं, तेव्हापासून मला ही वही जास्त आठवते. संघटना एकदा बेकायदेशीर जाहीर झाली की तिचं सभासद असणं हाच गुन्हा. तीन वर्षांपर्यंत कैद, तीन लाखांपर्यंत दंड. अशा वेळी सभासदांची यादी म्हणजे तयार आरोपपत्रच. हिंसा करणाऱ्याला जरूर पकडा, पण त्यानं काय केलं ते दाखवून. वर्गणीची पावती हा त्याचा पुरावा नव्हे.

आपली वही सभासदाला दाखवायला युनियन बांधलेलीच आहे; नोव्हेंबर २०२५ पर्यंत लागू असलेला १९२६ चा ट्रेड युनियन कायदाही तेच सांगत होता. हिशेब सरकारलाही द्यावा. पण साहेबांनी यादी मागितली, तर आधी नम्रपणे विचारावं : साहेब, नुसता आकडा चालेल का? चालत नसेल, तर का चालत नाही, हे त्यांनी लेखी द्यावं.